सनद, चर्च आणि एक डुकरीण: मॅसॅच्युसेट्सच्या प्युरिटनांचं राज्य कसं चाललं

एप्रिल १६३० मध्ये जॉन विन्थ्रॉप हा बेचाळीस वर्षांचा इंग्लिश जमीनदार आणि वकील ‘आर्बेला’ जहाजातून अमेरिकेला निघाला. त्या वर्षी गेलेल्या ताफ्यात अकरा जहाजं होती, सुमारे सातशे माणसं होती, गुरंढोरं होती, बिअरची पिंपं होती. शिवाय विन्थ्रॉपबरोबर एक चर्मपत्र होतं. राजा पहिला चार्ल्स याने मार्च १६२९ मध्ये ‘मॅसॅच्युसेट्स बे कंपनी’ला दिलेली ती सनद. प्युरिटन लोकांबद्दल बोलताना त्यांचे कडक नियम आणि लांबलचक प्रवचनं यांचीच चर्चा होते. ती व्हायला हवीच, पण त्यांचं राज्य समजून घ्यायचं तर आधी ही सनद समजून घ्यावी लागते. एका व्यापारी कंपनीचे नियम एका धर्मनिष्ठ समाजाने स्वतःच्या राज्यकारभाराला लावले आणि पुढची साठ वर्षं त्या नियमांचा अर्थ काय यावरून आपसांत भांडत राहिला, अशी ही हकिगत आहे.

आधी हे लोक कोण होते ते पाहू. सोळाव्या शतकात आठव्या हेन्रीने इंग्लंडचं चर्च पोपपासून तोडलं, पण बिशपांची उतरंड, पाद्र्यांचे झगे, बाप्तिस्म्याच्या वेळी कपाळावर क्रूस काढणं अशा पुष्कळ जुन्या गोष्टी तशाच राहिल्या. ज्यांना हे सगळं बायबलमध्ये नाही म्हणून नको होतं, ते प्युरिटन. त्यांची श्रद्धा सोळाव्या शतकातला धर्मसुधारक कॅल्विन याच्या वळणाची होती. कोण तरणार आणि कोण नाही हे देवाने आधीच ठरवलेलं आहे. माणूस पुण्य करून तारण विकत घेऊ शकत नाही, फार तर आपल्यावर देवाची कृपा झाल्याच्या खुणा स्वतःत शोधू शकतो. म्हणून ही माणसं रोजनिशा लिहायची, मनाची झडती घ्यायची, शेजाऱ्याच्या वागण्यावरही लक्ष ठेवायची. त्यांचा कठोरपणा आणि त्यांची अस्वस्थता या दोन्हींचं मूळ मला या शोधात दिसतं.

इथे एक गल्लत नेहमी होते. १६२० मध्ये ‘मेफ्लॉवर’ जहाजातून प्लिमथला उतरलेले १०२ प्रवासी आणि दहा वर्षांनी विन्थ्रॉपबरोबर बॉस्टन परिसरात आलेले लोक हे वेगळे गट. मेफ्लॉवरवरच्या धार्मिक गटाने इंग्लंडच्या चर्चशी नातं पूर्ण तोडलं होतं. हॉलंडमध्ये लायडन शहरात अकरा-बारा वर्षं काढून ते तिथून निघाले होते. पहिल्याच हिवाळ्यात त्यांच्यातले जवळपास निम्मे मेले. विल्यम ब्रॅडफर्ड हा त्यांचा दीर्घकाळचा गव्हर्नर. ही वसाहत शेवटपर्यंत लहान आणि गरीब राहिली. विन्थ्रॉपचे लोक मात्र चर्च सोडायचं नाही, सुधारायचं, असं म्हणत. त्यांच्यात पैसा होता, विद्यापीठात शिकलेले धर्मोपदेशक होते आणि संख्या होती. १६३० ते १६४० या दशकात न्यू इंग्लंडमध्ये सुमारे वीस हजार माणसं आली.

ती आली याला तशीच कारणं होती. १६२९ मध्ये चार्ल्सने पार्लमेंट बरखास्त केलं आणि पुढे अकरा वर्षं बोलावलंच नाही. विल्यम लॉड हा आधी लंडनचा बिशप आणि १६३३ पासून कँटरबरीचा आर्चबिशप. त्याने प्युरिटन उपदेशकांना एकेक करून गप्प करायला सुरुवात केली. पूर्व इंग्लंडमधला कापडाचा धंदाही बसला होता. विन्थ्रॉपची सरकारी नोकरी त्याच वर्षी गेली आणि अंगावर कर्ज होतं. देशांतराच्या निर्णयात श्रद्धा आणि प्रपंच एकमेकांत मिसळलेले असतात, आणि त्यामुळे श्रद्धा खोटी ठरत नाही.

आता सनदेकडे येऊ. अशा सनदेत कंपनीचा एक गव्हर्नर, एक उपगव्हर्नर, अठरा असिस्टंट (म्हणजे कारभारी मंडळ) आणि बाकीचे सभासद असत. सगळ्यांनी मिळून वर्षातून चार वेळा सर्वसाधारण सभा भरवायची, तिचं नाव ‘जनरल कोर्ट’. व्यापारी कंपन्यांची रीत ही, की सभा लंडनमध्ये भरायची आणि परमुलखातला कारभार पत्रांनी चालायचा. ईस्ट इंडिया कंपनीचं तसंच होतं. १६६८ मध्ये मुंबई बेट कंपनीकडे आलं तरी मालक लंडनलाच बसून राहिले. मॅसॅच्युसेट्सच्या सनदेत मात्र सभा कुठे भरवायची याचा उल्लेख नव्हता. ऑगस्ट १६२९ मध्ये केंब्रिज इथे बारा जणांनी करार केला: सनद आणि कारभार दोन्ही अमेरिकेला नेणार असाल तरच आम्ही कुटुंबासह जाऊ. कंपनीने ते मान्य केलं आणि ऑक्टोबरमध्ये विन्थ्रॉपला गव्हर्नर निवडलं. मालकच वसाहतीत राहायला गेले आणि लंडनमध्ये हुकूम सोडायला कोणी उरलं नाही. राजाच्या सहीशिक्क्याने, राजाच्या हाताबाहेरचं राज्य तयार झालं.

पहिलं वर्ष भयंकर गेलं. डिसेंबरपर्यंत सुमारे दोनशे माणसं ताप, उपासमार आणि स्कर्व्हीने दगावली. विन्थ्रॉपचा मुलगा हेन्री अमेरिकेत पोहोचल्याच्या दुसऱ्याच दिवशी ओढा पोहून जाताना बुडाला. बायको मार्गारेट गरोदर असल्याने इंग्लंडमध्येच राहिली होती. निघण्यापूर्वी दोघांनी ठरवलं होतं, की सोमवारी आणि शुक्रवारी संध्याकाळी पाच वाजता एकमेकांची आठवण काढायची. अशा तपशिलांमुळे हा करडा माणूस मला जवळचा वाटू लागतो. फेब्रुवारी १६३१ मध्ये ‘लायन’ जहाज धान्य आणि लिंबाचा रस घेऊन आलं आणि उरलेले जगले. मार्गारेट त्याच वर्षी पुढच्या फेरीत पोहोचली.

मत कोणाला

कंपनीचे प्रत्यक्ष अमेरिकेत आलेले सभासद अगदी मूठभर होते. कायद्याने बघितलं तर सगळी सत्ता त्यांचीच. सहकारी गृहनिर्माण संस्थेत मतदानाचा हक्क सभासदाला असतो, भाडेकरू कितीही वर्षं राहिला तरी त्याला नसतो. तसाच हा प्रकार. पण ऑक्टोबर १६३० मध्ये शंभरावर माणसांनी सभासदत्वाचा अर्ज केला आणि विन्थ्रॉपने त्यांना नाकारलं नाही. मे १६३१ मध्ये त्यांना आत घेतलं आणि त्याच वेळी नियम केला, की यापुढे वसाहतीच्या एखाद्या चर्चचा सभासद असेल तोच कंपनीचा सभासद होईल. म्हणजे भागभांडवलाची जागा धर्मनिष्ठेने घेतली. गरीब सुतार चर्चचा सभासद असेल तर मत देऊ शकत होता. श्रीमंत व्यापारी नसेल तर नाही. त्या काळच्या इंग्लंडमध्ये मत जमिनीवर ठरत असे, त्यामानाने हे एका बाजूने अधिक उदार होतं आणि दुसऱ्या बाजूने फार अरुंद.

चर्चचं सभासदत्व सोपं नव्हतं. रविवारी प्रवचनाला सगळ्यांनी यायचंच, पण सभासद व्हायचं तर देवाची कृपा आपल्याला कशी जाणवली, मन कसं बदललं, हे मंडळीपुढे सांगून पटवावं लागे. बायका चर्चच्या सभासद होऊ शकत, राज्यकारभारात मात्र त्यांना मत नव्हतं. याला पुष्कळदा पुरोहितांचं राज्य म्हणतात, ते तितकंसं बरोबर नाही. धर्मोपदेशक सरकारी पद घेत नसत, लग्नसुद्धा चर्चमध्ये न लागता अधिकाऱ्यासमोर लागे, आणि चर्चने एखाद्याला वाळीत टाकलं म्हणून त्याचं सरकारी पद जात नसे. पण मतदार सगळे एकाच श्रद्धेचे, आणि उपदेशकाचा सल्ला प्रत्येक मोठ्या प्रश्नात घेतला जाई. खुर्च्या वेगळ्या असल्या तरी डोळ्यांपुढचं बायबल एकच होतं.

सभासद वाढवताना विन्थ्रॉप आणि असिस्टंटांनी कायदे करण्याचा अधिकार मात्र स्वतःकडे ओढून घेतला होता, आणि ते सनदेला धरून नव्हतं. १६३२ मध्ये वॉटरटाउनच्या लोकांनी तटबंदीचा कर द्यायला कां-कूं केली: आमच्या संमतीशिवाय कर कसा? १६३४ मध्ये गावोगावच्या प्रतिनिधींनी विन्थ्रॉपकडे सनदच दाखवा म्हणून मागणी केली. वाचल्यावर त्यांना कळलं, की कायदे करायचा अधिकार सगळ्या सभासदांच्या सभेचा आहे. त्या निवडणुकीत त्यांनी विन्थ्रॉपला बाजूला सारून थॉमस डडलीला गव्हर्नर केलं आणि प्रत्येक गावाने प्रतिनिधी पाठवायची पद्धत पक्की केली. विन्थ्रॉपने निकाल मानला. पुढे लोकांनी त्याला पुन्हा पुन्हा निवडलं आणि १६४९ मध्ये तो वारला तेव्हा गव्हर्नरच होता.

यानंतर आली डुकरीण. रॉबर्ट केन हा बॉस्टनचा श्रीमंत व्यापारी. फार नफा घेतला म्हणून १६३९ मध्ये त्याला जबर दंड झाला होता आणि चर्चपुढे रडत चूक कबूल करावी लागली होती. ते त्याला इतकं लागलं, की पुढे त्याने दीडशेहून जास्त पानांचं मृत्युपत्र लिहिलं आणि त्यात आपली बाजू मांडत राहिला. तर या केनकडे १६३६ मध्ये एक भटकी डुकरीण आली. त्याने दवंडी पिटवली, कोणी मालक पुढे आला नाही. पुढे त्याने स्वतःचं एक डुक्कर मारलं. मग श्रीमती शर्मन नावाची बाई आली आणि म्हणाली, तुम्ही मारलेली डुकरीण माझी होती. चर्चने केनला निर्दोष ठरवलं, न्यायालयानेही ठरवलं, उलट बदनामीबद्दल बाईलाच भरपाई द्यायला लावली. पण लोकांचं मन गरीब बाईच्या बाजूने होतं. १६४२ मध्ये प्रकरण जनरल कोर्टापुढे गेलं आणि सात दिवस चाललं.

मतं अशी पडली: असिस्टंटांपैकी सात केनच्या बाजूने, दोन बाईच्या. प्रतिनिधींपैकी पंधरा बाईच्या बाजूने, आठ केनच्या, आणि सात तटस्थ. एकत्र मोजलं तर बाई सतरा विरुद्ध पंधरा अशी जिंकते. असिस्टंटांना नकाराधिकार आहे असं मानलं तर हरते. प्रतिनिधी म्हणाले, बहुमत ते बहुमत. असिस्टंट म्हणाले, आमच्या संमतीशिवाय काहीच मंजूर होत नाही. हा वाद दोन वर्षं पेटत राहिला आणि १६४४ मध्ये दोन्ही गट वेगवेगळे बसू लागले, दोघांची संमती असेल तरच ठराव मंजूर. दोन सभागृहांचं विधिमंडळ मॅसॅच्युसेट्समध्ये आलं ते असं. आजही त्या राज्याच्या विधिमंडळाचं अधिकृत नाव ‘जनरल कोर्ट’ आहे. मोठ्या तत्त्वांच्या चर्चेतून संस्था घडतात असं आपल्याला वाटतं. इथे ती एका जनावराच्या भांडणातून आणि माणसांच्या हट्टातून घडली.

ज्यांना जागा नव्हती

हे लोक स्वतःच्या उपासनेचं स्वातंत्र्य शोधत आले होते. ते सगळ्यांना द्यावं असं त्यांनी कधी म्हटलंच नव्हतं. त्यांच्या समजुतीप्रमाणे देवाशी करार एकट्यादुकट्याचा नसून संपूर्ण समाजाचा होता; एकाने मोडला तर शिक्षा सगळ्यांना. जहाजप्रवासाच्या वेळी विन्थ्रॉपने केलेल्या प्रवचनाचा गाभाही हाच आहे: डोंगरावरच्या नगरासारखं सगळ्या जगाचं आपल्याकडे लक्ष असेल, तेव्हा चुकलो तर छी-थू होईल.

रॉजर विल्यम्स हा तरुण उपदेशक लायन जहाजातूनच १६३१ मध्ये आला. तो म्हणू लागला, की इथली जमीन मूळ रहिवाशांची आहे, ती वाटायचा इंग्लंडच्या राजाला काय हक्क? आणि देवाच्या उपासनेबद्दलचे गुन्हे शिक्षेला आणणं हे सरकारचं कामच नव्हे. पहिलं म्हणणं सनदेच्या मुळावर घाव घालणारं, दुसरं त्यांच्या समाजरचनेच्या. १६३५ मध्ये त्याला हद्दपारीची शिक्षा झाली. पकडून इंग्लंडला पाठवण्याआधीच तो जानेवारीच्या बर्फात निसटला, नॅरगॅन्सेट लोकांकडून जमीन मिळवून त्याने प्रॉव्हिडन्स वसवलं आणि तिथे कोणालाही श्रद्धेवरून छळायचं नाही असा नियम ठेवला.

अॅन हचिन्सनचं प्रकरण मला सर्वांत जास्त अस्वस्थ करतं. ती १६३४ मध्ये नवरा-मुलांसह आली. सुईणपण करणारी, बायबल तोंडपाठ असलेली, बुद्धीने तल्लख. रविवारच्या प्रवचनावर चर्चा करायला तिच्या घरी बायका जमू लागल्या, पाठोपाठ पुरुषही येऊ लागले. तरुण गव्हर्नर हेन्री वेनसुद्धा तिच्या बाजूचा होता. तिचं म्हणणं असं, की वसाहतीतले बहुतेक उपदेशक चांगल्या वागणुकीला तारणाची खूण मानतात, म्हणजे नकळत कर्मानेच माणूस तरतो असं शिकवतात. प्युरिटन उपदेशकाला याहून मोठी शिवी नव्हती, कारण त्याच समजुतीविरुद्ध तर सगळा लढा होता.

नोव्हेंबर १६३७ मध्ये तिच्यावर खटला चालला. विन्थ्रॉप तेव्हा पुन्हा गव्हर्नर होता. आरोप त्यानेच ठेवायचे, प्रश्न त्यानेच विचारायचे आणि निकालही त्यानेच सुनावायचा. तिला वकील नव्हता. मी कोणता कायदा मोडला, असं तिने विचारलं. उत्तर मिळालं, ‘आईवडिलांचा मान राख’ ही आज्ञा. राज्यकर्ते आईवडिलांच्या जागी. तिने एकेक मुद्दा बायबलच्या आधाराने परतवला आणि साक्ष देणाऱ्या उपदेशकांना शपथ घ्यायला लावा म्हणून आग्रह धरला. तिचा आदरणीय गुरू जॉन कॉटन यानेही तिच्याविरुद्ध साक्ष दिली नाही. खटला ढिला पडत चालला होता. मग ती स्वतःच बोलली, की देव माझ्याशी थेट बोलतो. तिथे सगळं संपलं. देव थेट बोलत असेल तर उपदेशक, न्यायालय, सनद कशाचीच गरज उरत नाही. तिला हद्दपार केलं. कशासाठी, हे तिने शेवटी पुन्हा विचारलं, तेव्हा विन्थ्रॉपने न्यायालयाला ते ठाऊक आहे एवढंच म्हणून विषय मिटवला. तिच्या पंचाहत्तर समर्थकांची शस्त्रं काढून घेतली. ती ऱ्होड आयलंडला आणि नंतर डच मुलखात गेली. तिथे १६४३ मध्ये मूळ रहिवाशांच्या हल्ल्यात ती आणि तिची बरीच मुलं मारली गेली. बॉस्टनमध्ये काहींनी याला देवाचा न्याय म्हटलं. हे वाचताना आजही राग येतो.

त्याच १६३७ मध्ये पेक्वॉट या मूळ रहिवाशांच्या जमातीशी युद्ध झालं. २६ मे रोजी कनेक्टिकटच्या वसाहतकऱ्यांनी मॅसॅच्युसेट्सच्या काही शिपायांसह आणि मोहेगन, नॅरगॅन्सेट मित्रांसह मिस्टिक इथलं तटबंदीचं गाव जाळलं. आत शेकडो माणसं होती, बायका आणि मुलं धरून. सुटून पळणाऱ्यांनाही मारलं. उरलेल्यांपैकी अनेकांना गुलाम करून वाटलं. काहींना ‘डिझायर’ जहाजातून वेस्ट इंडीजकडे पाठवलं आणि तेच जहाज १६३८ मध्ये आफ्रिकी गुलाम घेऊन परत आलं. वसाहत रुजली ती मुळात अशा किनाऱ्यावर, जिथली बहुतेक वस्ती १६१६ ते १६१९ च्या साथीने आधीच संपली होती. प्लिमथकरांना मका पेरायला शिकवणारा टिस्क्वांटम याला १६१४ मध्ये पळवून स्पेनमध्ये विकलं होतं. तो परतला तेव्हा त्याच्या गावात कोणीच जिवंत नव्हतं. प्लिमथ वसलं ते त्याच गावाच्या जागेवर.

१६४१ मध्ये वसाहतीने हक्कांची एक लेखी संहिता केली. तिच्यात नवऱ्याने बायकोला मारू नये असं कलम आहे, पाळीव जनावरांशी क्रूरपणे वागू नये असं आहे, कायद्याशिवाय कोणाला शिक्षा नाही असंही आहे. आणि त्याच संहितेत, न्याय्य युद्धात पकडलेल्यांना किंवा विकत आलेल्या परक्यांना गुलाम ठेवायची मुभा आहे. दोन्ही कलमं एकाच बैठकीत मंजूर झाली.

वाचणारा समाज

रोजचं जगणं वाटतं तेवढं काळंकरडं नव्हतं. कपडे तपकिरी, निळे, हिरवे असत. बिअर घरोघरी प्यायली जाई. नाताळ मात्र बायबलमध्ये नाही म्हणून १६५९ मध्ये बंद केला, साजरा केल्यास पाच शिलिंग दंड. आणि वाचन हवंच, कारण बायबल प्रत्येकाने स्वतः वाचायचं. हार्वर्ड १६३६ मध्ये स्थापन झालं, वसाहत अवघी सहा वर्षांची असताना. १६४७ च्या कायद्याने पन्नास घरांच्या गावाने लिहायला-वाचायला शिकवणारा मास्तर नेमायचा आणि शंभर घरांच्या गावाने लॅटिन शिकवणारी शाळा काढायची असं ठरलं. डडलीची मुलगी अॅन ब्रॅडस्ट्रीट हिच्या कवितांचं पुस्तक १६५० मध्ये लंडनला छापलं गेलं.

या वाचनाच्या आग्रहाचा एक धागा आपल्याकडेही येतो. प्युरिटनांच्या वारशातल्या काँग्रिगेशनल चर्चांनी १८१० मध्ये मॅसॅच्युसेट्समध्ये मिशनरी मंडळ काढलं. त्याचे गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट १८१३ मध्ये मुंबईत उतरले आणि त्यातून अमेरिकन मराठी मिशन उभं राहिलं. याच मिशनच्या सिंथिया फरार यांची अहमदनगरची मुलींची शाळा जोतीराव फुल्यांनी पाहिली होती. दोनशे वर्षांत त्या चर्चांमध्ये खूप बदल झाला होता, पण मुलींनाही वाचता आलं पाहिजे ही गरज तीच होती.

मूळ वसाहतीचं चक्र मात्र लवकर अडलं. १६४० नंतर इंग्लंडमध्ये यादवी पेटली, प्युरिटनांचे दिवस तिथेच आले आणि नवी माणसं येणं थांबलं. गुरं आणि धान्य विकायला गिऱ्हाईक उरलं नाही; लोक मासे आणि लाकूड वेस्ट इंडीजला पाठवू लागले. दुसऱ्या पिढीतल्या पुष्कळांना कृपेचा अनुभव सांगता येईना, म्हणून १६६२ मध्ये तो न सांगताही चर्चशी नातं ठेवता येईल अशा अर्ध्या सभासदत्वाची सोय करावी लागली. क्वेकर पंथाचे लोक हद्दपार करूनही परत येत राहिले, तेव्हा १६५९ ते १६६१ मध्ये चौघांना बॉस्टनमध्ये फाशी दिली. त्यांत मेरी डायर होती. अॅन हचिन्सनला चर्चमधून काढलं त्या दिवशी तिच्याबरोबर उठून बाहेर पडलेली हीच बाई.

१६८४ मध्ये लंडनच्या न्यायालयाने सनद रद्द केली. काही वर्षं राजाने नेमलेल्या गव्हर्नरने कारभार केला, १६८९ मध्ये बॉस्टनने त्याला उठाव करून कैद केलं, आणि १६९१ मध्ये नवी सनद आली. तिने प्लिमथ मॅसॅच्युसेट्समध्ये विलीन केलं आणि गव्हर्नर नेमायचा हक्क राजाकडे घेतला. मतासाठी चर्चचं सभासदत्व लागेनासं झालं. त्याऐवजी वर्षाला चाळीस शिलिंग उत्पन्नाची जमीन किंवा ठरावीक किमतीची मालमत्ता असली की झालं. उपासनेची मोकळीक सर्व ख्रिस्ती पंथांना मिळाली, क्वेकरांनासुद्धा. कॅथलिकांना ती नव्हती.